आन्ना मान्यानी : पडद्यावर आलेली रोमची बोली

उद्दिष्टे

या घटकाचा अभ्यास केल्यानंतर तुम्हांला –
• आन्ना मान्यानी यांच्या जीवनाचा आणि अभिनयकार्याचा कालानुक्रमे परिचय करून देता येईल.
• प्रमाणभाषा आणि बोली यांच्या संबंधाचा चित्रपटकलेवर होणारा परिणाम स्पष्ट करता येईल.
• चरित्रातील वस्तुस्थिती आणि आख्यायिका यांत फरक करता येईल.

१. प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रांनो, चरित्र या वाङ्मयप्रकाराची लक्षणे आपण यापूर्वी पाहिली आहेत. या घटकात आपल्याला एका व्यक्तीचे चरित्र प्रत्यक्ष वाचायचे आहे. आन्ना मान्यानी या विसाव्या शतकाच्या मध्यावर गाजलेल्या इटालियन अभिनेत्री होत. त्यांचा जन्म ७ मार्च १९०८ रोजी रोममध्ये झाला आणि २६ सप्टेंबर १९७३ रोजी त्याच शहरात त्यांचे निधन झाले. मराठीच्या विद्यार्थ्याने त्यांचे चरित्र कशासाठी वाचावे, असा प्रश्न तुमच्या मनात येणे स्वाभाविक आहे. त्याची दोन कारणे सांगता येतील.

पहिले कारण भाषेचे आहे. कोणाचे बोलणे शुद्ध मानायचे, कोणाचे बोलणे व्यासपीठावर चालते आणि कोणाच्या बोलण्याला फक्त हसू येते, हा प्रश्न जगातील प्रत्येक भाषिक समाजात असतो. इटलीत तो फार तीव्र होता. मान्यानी यांनी रोमच्या सामान्य वस्तीतील बोली चित्रपटात आणली, आणि ती आणताना ती विनोदापुरती मर्यादित राहू दिली नाही.

दुसरे कारण चरित्रलेखनाचे आहे. मान्यानी अभिनय करीतच नव्हत्या, त्या मुळातच तशा होत्या, असे त्यांच्याविषयी नेहमी सांगितले गेले. हे वाक्य वरवर स्तुतीचे वाटते. परंतु त्यामुळे त्यांनी घेतलेले शिक्षण, केलेले श्रम आणि वापरलेली बुद्धी झाकली जाते. चरित्रकाराने अशा स्तुतीची तपासणी कशी करावी, हे आपण पुढे पाहू.

२. भाषिक पार्श्वभूमी

१८६१ मध्ये इटलीचे राजकीय एकीकरण झाले, तेव्हा ज्या भाषेला आज आपण इटालियन म्हणतो ती भाषा रोजच्या व्यवहारात बोलणारे लोक फार थोडे होते. ही भाषा तोस्काना प्रांतातील फ्लोरेन्सच्या साहित्यिक परंपरेतून आलेली होती. बहुसंख्य लोक नापोलीची, सिसिलीची, व्हेनिसची किंवा आपापल्या गावची बोली बोलत. या बोलींमधील अंतर इतके होते की, उत्तरेकडचा शेतकरी आणि दक्षिणेकडचा कोळी यांना एकमेकांचे बोलणे समजणे कठीण जाई.

रोमच्या बोलीला 'रोमानेस्को' म्हणतात. ती प्रमाण इटालियनला तशी जवळची आहे. तरीही तिची वेगळी लक्षणे कानाला लगेच जाणवतात. 'क्वान्दो' (केव्हा) हा शब्द त्या बोलीत 'क्वान्नो' होतो. म्हणजे 'न्द' या जोडाक्षराच्या जागी 'न्न' येतो. 'इल' हे पुल्लिंगी उपपद 'एर' होते. क्रियापदांची रूपे शेवटी तोकडी होतात, आणि 'आन्दारे' (जाणे) याचे 'आन्ना' होते. ध्वनींचे हे बदल ठरावीक नियमांनी होतात. परंतु शाळेत शिकलेल्या कानाला ते अडाणीपणाचे लक्षण वाटत.

१९२२ मध्ये मुसोलिनीची फॅसिस्ट राजवट सुरू झाली. एक राष्ट्र, एक भाषा या धोरणामुळे बोलींना शाळांतून व वृत्तपत्रांतून दूर सारले गेले. १९३० मध्ये परकीय भाषेतील संवाद असलेले चित्रपट दाखवण्यास मनाई झाली आणि त्यातून डबिंगचा व्यवसाय भरभराटीला आला. डबिंग करणाऱ्या कलावंतांनी घडवलेले इटालियन स्वच्छ आणि नीटस होते. परंतु ते कोणत्याही गावाचे नव्हते. १९३७ मध्ये रोमजवळ 'चिनेचित्ता' हे भव्य चित्रनगर उभे राहिले. त्या काळातील श्रीमंत घरांच्या प्रेमकथांना, त्यांतील दिवाणखान्यांत दिसणाऱ्या पांढऱ्या दूरध्वनींमुळे, 'पांढऱ्या टेलिफोनचे चित्रपट' असे नाव पडले. त्यांतील नायिका गोरी, सडपातळ आणि प्रमाण उच्चारांची असे.

ही पार्श्वभूमी लक्षात ठेवा. मान्यानी यांचा ठेंगणा बांधा, डोळ्यांखालची काळी वर्तुळे, विस्कटलेले काळे केस आणि घोगरा आवाज यांना त्या पडद्यावर जागा नव्हती.

३. बालपण आणि शिक्षण

आन्ना यांच्या आईचे नाव मारिना मान्यानी. आई अविवाहित होती आणि वडिलांनी मुलीला नाव दिले नाही. म्हणून आन्ना यांनी जन्मभर आईचेच आडनाव लावले. पुढे आई इजिप्तमधील अलेक्झांड्रियाला निघून गेली आणि मुलीचा सांभाळ रोममध्ये आजीने केला. आन्ना यांचा जन्मच अलेक्झांड्रियात झाला, अशी एक हकिकत पुष्कळ वर्षे छापली जात होती. ती खरी नाही. आईचे तेथील वास्तव्य आणि मुलीचा जन्म या दोन गोष्टींची गल्लत होऊन ही आख्यायिका तयार झाली. एखादी हकिकत अनेक ठिकाणी छापली गेली म्हणून ती विश्वसनीय ठरत नाही, याचे हे चांगले उदाहरण आहे.

आजीच्या घरी पैसा फार नव्हता. पण मुलीच्या शिक्षणाकडे दुर्लक्ष झाले नाही. त्यांनी फ्रेंच जोगिणींच्या शाळेत शिक्षण घेतले, फ्रेंच भाषा शिकली आणि पियानोचे धडे घेतले. त्यानंतर, थोर अभिनेत्री एलेओनोरा दूसे यांचे नाव असलेल्या रोममधील नाट्यविद्यालयात त्यांनी प्रवेश घेतला. या तपशिलाकडे विशेष लक्ष द्या. रस्त्यावरच्या भाजीवालीसारख्या बोलतात म्हणून ज्यांचे कौतुक झाले, त्या मान्यानी प्रमाण उच्चारांचे पद्धतशीर शिक्षण घेतलेल्या होत्या. बोली त्यांच्या तोंडी आली ती दुसरे काही बोलता येत नव्हते म्हणून नव्हे. दोन्ही भाषारूपे अवगत असताना त्यांनी केलेली ती निवड होती.

४. रंगमंचावरील उमेदवारी

विसाच्या वर्षाच्या आसपास मान्यानी दारिओ निक्कोदेमी यांच्या नाटक मंडळीत लहान भूमिका करू लागल्या. दौऱ्यावरचे जीवन खडतर होते आणि मिळकत बेताची होती. रात्रीच्या मनोरंजनगृहांतून त्या रोमची लोकगीते गात. 'स्तोर्नेल्लो' हा त्या प्रदेशातील तीन ओळींचा लोकगीतप्रकार. त्यात गाणारा समोरच्याला टोमणा मारतो आणि समोरचा तशाच चालीत उलट उत्तर देतो. हजरजबाबीपणा, प्रेक्षकांच्या प्रतिसादाचा अंदाज आणि शब्द नेमका कुठे सोडायचा याचे भान त्यांना या गाण्यांनी दिले.

१९३४ मधील 'ला चिएका दी सोर्रेन्तो' (सोर्रेन्तोची आंधळी) हा त्यांचा सुरुवातीचा चित्रपट. पुढे दिग्दर्शक गोफ्रेदो अलेस्सान्द्रिनी यांच्याशी त्यांचा विवाह झाला. पण पतीच्या १९३६ मधील 'काव्हाल्लेरिया' या चित्रपटातही त्यांच्या वाट्याला किरकोळ भूमिकाच आली. हा विवाह टिकला नाही. १९४१ मध्ये वित्तोरिओ दे सिका यांच्या 'तेरेसा व्हेनेर्दी' या चित्रपटात त्यांनी एका गायिकेची विनोदी भूमिका केली, आणि त्यांच्यात काहीतरी वेगळे आहे हे जाणकारांच्या ध्यानात आले.

युद्धाच्या त्या वर्षांत त्यांची खरी कर्मभूमी रंगमंच हीच होती. गाणी, नकला आणि प्रहसने यांनी भरलेल्या 'रिव्हिस्ता' या करमणुकीच्या प्रकारात त्यांनी थोर विनोदी नट तोतो यांच्यासह काम केले. आपल्याकडील तमाशाच्या बतावणीशी परिचित असलेल्या विद्यार्थ्याला या प्रकाराची कल्पना सहज येईल. सेन्सॉरची नजर चुकवून सत्ताधाऱ्यांना चिमटा काढणे हे त्यातले कौशल्य. जे संहितेत लिहिता येत नसे, ते आवाजाच्या चढउतारातून सुचवावे लागे.

१९४२ मध्ये त्यांना लुका हा मुलगा झाला. त्याचे वडील अभिनेते मास्सिमो सेरातो होते. परंतु मुलाला आडनाव लागले ते आईचेच. गरोदरपणामुळे लुकिनो विस्कोंती यांच्या 'ओस्सेस्सिओने' या चित्रपटातील प्रमुख भूमिका त्यांना सोडावी लागली. लुका दीड वर्षाचा असताना त्याला पोलिओ झाला आणि त्याचे पाय लुळे पडले. मुलाच्या उपचारांसाठी पुरेसे कमावणे ही पुढील सर्व वर्षांतील त्यांची मोठी चिंता होती. पडद्यावरील त्यांच्या आया पाहताना प्रेक्षकांना ही गोष्ट आठवे. परंतु त्या दुःखामुळे अभिनय आपोआप साधला, असा निष्कर्ष काढणे योग्य नाही. दुःख अनेकांच्या वाट्याला येते. त्याला कलारूप देण्यासाठी वेगळी साधना लागते.

५. 'रोमा, चित्ता आपेर्ता'

ऑगस्ट १९४३ मध्ये रोमला 'खुले शहर' घोषित करण्यात आले. युद्धशास्त्राच्या परिभाषेत याचा अर्थ असा की, या शहराचे सैनिकी संरक्षण केले जाणार नाही आणि म्हणून त्याच्यावर हल्ला होऊ नये. प्रत्यक्षात पुढच्याच महिन्यात जर्मन फौजांनी रोम ताब्यात घेतले. ४ जून १९४४ रोजी शहर मुक्त होईपर्यंत धरपकड, उपासमार आणि हत्या यांचे सत्र चालू राहिले. रोबेर्तो रोसेलिनी यांच्या चित्रपटाच्या शीर्षकातील 'खुले शहर' या शब्दांमधला उपरोध तुम्हांला आता समजेल.

३ मार्च १९४४ रोजी तेरेसा गुल्लाचे नावाची स्त्री रोममधील एका लष्करी बराकीसमोर जर्मन सैनिकाच्या गोळीला बळी पडली. तिचा नवरा धरपकडीत सापडला होता आणि ती त्याच्यासाठी तेथे आली होती. ती पाच मुलांची आई होती आणि त्या वेळी गरोदर होती. चित्रपटातील पिना ही व्यक्तिरेखा या घटनेवरून सुचली. पटकथेच्या लेखनात सेर्जिओ आमिदेई आणि तरुण फेदेरिको फेलिनी यांचा सहभाग होता.

चित्रीकरण जानेवारी १९४५ मध्ये सुरू झाले. उत्तर इटलीत तेव्हा युद्ध चालूच होते. फिल्मचा तुटवडा होता आणि चित्रीकरण करताना ध्वनी मुद्रित करण्याची सोय नव्हती. संवाद नंतर भरले गेले. पण पिनाच्या तोंडचे शब्द मान्यानी यांच्याच आवाजात होते.

पिना ही एक मुलगा असलेली विधवा. फ्रांचेस्को या छपाई कामगाराशी तिचे लग्न व्हायचे असते आणि लग्नाच्याच दिवशी त्याला पकडून नेले जाते. सैनिकांना धक्के देत ती त्याच्या मालमोटारीमागे धावते. त्याच्या नावाने हाका मारीत असतानाच गोळी सुटते आणि ती भर रस्त्यात कोसळते. हा प्रसंग चित्रपटाच्या साधारण मध्यावर येतो. मुख्य स्त्रीपात्र येथेच नाहीसे होते आणि प्रेक्षकाला सावरायला वेळ मिळत नाही. मृत्यूपूर्वी पिनाच्या तोंडी भाषण नाही, उपदेश नाही, पार्श्वसंगीताने सजवलेला निरोपही नाही. जे ऐकू येते ती केवळ एक हाक असते.

या प्रसंगाची भाषिक बाजूही पाहा. रोमची बोली चित्रपटात यापूर्वीही ऐकू आली होती. मान्यानी यांनी स्वतः, आणि या चित्रपटात धर्मगुरूची भूमिका करणारे आल्दो फाब्रीत्सी यांनी, १९४३ मधील 'काम्पो दे फिओरी' या हलक्याफुलक्या चित्रपटात ती वापरली होती. मात्र तेथे ती बाजारातील गमतीजमतींची भाषा होती. 'रोमा, चित्ता आपेर्ता' मध्ये त्याच बोलीत एक स्त्री उपासमार, श्रद्धा, भीती आणि प्रतिकार यांविषयी बोलते. हसवणारी भाषा शोकात्म आशय पेलू शकते, याचा प्रत्यय इटालियन प्रेक्षकांना येथे आला.

१९४६ मध्ये या चित्रपटाला कान महोत्सवात सर्वोच्च पुरस्कारांपैकी एक मिळाला. मान्यानी तेव्हा अडतीस वर्षांच्या होत्या. ज्या वयात अनेक नायिकांची कारकीर्द संपते, त्या वयात त्यांची कीर्ती सुरू झाली.

६. नववास्तववादातील तीन स्त्रिया

युद्धोत्तर इटलीत वास्तव ठिकाणी चित्रीकरण, सामान्य माणसांच्या कथा आणि अनेकदा अव्यावसायिक नट ही वैशिष्ट्ये असलेला प्रवाह निर्माण झाला. त्याला नववास्तववाद म्हणतात. या काळातील मान्यानी यांच्या तीन भूमिका अभ्यासण्यासारख्या आहेत.

पहिली भूमिका १९४७ मधील 'लोनोरेव्होले आंजेलिना' या लुइजी झाम्पा दिग्दर्शित चित्रपटातील. 'ओनोरेव्होले' ही इटालियन संसद सदस्यासाठी वापरली जाणारी उपाधी. उपनगरी वस्तीतील आंजेलिना काळ्या बाजाराविरुद्ध बायकांना संघटित करते आणि बेघरांना नव्या इमारतींत घुसवते. इटलीतील स्त्रियांनी राष्ट्रीय पातळीवर प्रथम मतदान केले ते जून १९४६ मध्ये. त्याच्या पुढच्याच वर्षी हा चित्रपट आला. या भूमिकेसाठी मान्यानी यांना व्हेनिस महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

दुसरी भूमिका रोसेलिनी यांच्या 'लामोरे' (१९४८) या दोन कथांच्या चित्रपटातील. पहिल्या भागात, ज्याँ कॉक्तो यांच्या एकपात्री नाटकावर आधारित, एक स्त्री दूरध्वनीवर आपल्याला सोडून जाणाऱ्या प्रियकराशी बोलते. समोरचा आवाज प्रेक्षकाला ऐकू येत नाही. संपूर्ण भार एकाच कलावतीवर असतो. दुसऱ्या भागात एक भोळी शेळ्या राखणारी बाई एका वाटसरूला संत योसेफ समजते आणि गरोदर राहिल्यावर ते दैवी वरदान मानते. या दुसऱ्या भागावर न्यूयॉर्कमध्ये धर्मनिंदेचा आरोप होऊन परवाना रद्द झाला. प्रकरण अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९५२ मध्ये न्यायालयाने चित्रपटालाही अभिव्यक्तिस्वातंत्र्याचे संरक्षण आहे असा निर्णय दिला. १९१५ पासून तेथे याच्या उलट निर्णय लागू होता.

तिसरी भूमिका विस्कोंती यांच्या 'बेल्लिस्सिमा' (१९५१) मधील. घरोघरी जाऊन इंजेक्शने देणारी मादालेना आपल्या लहान मुलीला चित्रपटात घेतले जावे म्हणून पै पै खर्च करते. नृत्य, छायाचित्रे, कपडे आणि शुद्ध उच्चारांची शिकवणी, असा तो खटाटोप असतो. मुलगी बोबडे बोलते. तिची पडदाचाचणी पाहताना चित्रनगरातील मंडळी हसतात आणि मादालेना ते लपून पाहते. पुढे प्रत्यक्ष करार घरी येतो, तेव्हा ती सही करण्यास नकार देते. भाषाभ्यासकाच्या दृष्टीने या कथेत एक मर्म आहे. गरीब आई मुलीचे बोलणे सुधारण्यासाठी पैसे मोजते, कारण आपल्या तोंडची भाषा मुलीला वर नेणार नाही अशी तिची खात्री असते. हे दुःख मान्यानी यांनी कोठेही मोठ्याने न सांगता दाखवले आहे.

याच काळात रोसेलिनी आणि मान्यानी यांचे खाजगी नाते तुटले. रोसेलिनी यांनी इनग्रिड बर्गमन यांना घेऊन 'स्ट्रॉम्बोली' हा चित्रपट सुरू केला, तर मान्यानी यांनी जवळच्याच बेटांवर 'व्हुल्कानो' हा चित्रपट केला. वृत्तपत्रांनी या प्रकरणाला दोन ज्वालामुखींचे युद्ध म्हणून रंगवले. चरित्रात अशा घटनेची नोंद घ्यावी लागते. पण तिने कलाकृतींची जागा अडवू नये, याचे भान ठेवावे.

७. परभाषेतील यश

१९५२ मध्ये ज्याँ रन्वार यांच्या 'सुवर्णरथ' या चित्रपटात मान्यानी यांनी इंग्रजी संवाद म्हटले. अमेरिकी नाटककार टेनेसी विल्यम्स यांनी 'द रोझ टॅटू' हे नाटक त्यांनाच डोळ्यांसमोर ठेवून लिहिले होते. परंतु रंगमंचावर रोज इंग्रजी बोलण्याइतका त्या भाषेवर आपला अधिकार नाही, हे ओळखून त्यांनी ती भूमिका नाकारली आणि ती मॉरीन स्टेपल्टन यांनी केली. चित्रपटरूपाच्या वेळी मात्र मान्यानी तयार झाल्या. १९५५ मध्ये आलेल्या या चित्रपटात त्या सेराफिना नावाच्या, अमेरिकेत स्थायिक झालेल्या सिसिलियन शिवणकाम करणाऱ्या विधवेच्या भूमिकेत आहेत. बर्ट लँकेस्टर त्यांचे सहकलाकार होते.

मार्च १९५६ मध्ये या भूमिकेसाठी त्यांना ऑस्कर मिळाले. सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे ऑस्कर मिळवणाऱ्या त्या पहिल्या इटालियन होत. समारंभाच्या वेळी त्या रोममध्येच होत्या; त्यांच्या वतीने सहअभिनेत्री मारिसा पाव्हान यांनी तो पुरस्कार स्वीकारला.

येथे एक गोष्ट विचारात घ्या. सेराफिनाचे इंग्रजी मोडके आहे. राग आला की ती इटालियनमध्ये शिरते आणि पुन्हा इंग्रजीत येते. दोन भाषांतील या ये-जा करण्याला भाषाविज्ञानात संकेतबदल म्हणतात. तो केव्हा घडतो हे पाहिले, तर त्यात एक व्यवस्था आढळते : परक्यांशी व्यवहार इंग्रजीत, देवाशी आणि स्वतःशी बोलणे मातृभाषेत. स्थलांतरित घरांत हेच ऐकू येते. पुढे 'वाइल्ड इज द विंड' (१९५७) या चित्रपटासाठी त्यांना ऑस्करचे नामांकन आणि बर्लिन महोत्सवाचा पुरस्कार मिळाला. सिडनी ल्युमेट यांच्या 'द फ्युजिटिव्ह काइंड' (१९६०) मध्ये त्या मार्लन ब्रँडो यांच्यासमोर उभ्या राहिल्या.

८. 'मम्मा रोमा' आणि उत्तरायुष्य

१९५० नंतरच्या दशकात इटली सधन होऊ लागली. चित्रपटांची रुची बदलली आणि सोफिया लोरेन, जिना लोल्लोब्रिजिदा यांसारख्या तरुण अभिनेत्री पुढे आल्या. पन्नाशी ओलांडलेल्या मान्यानी यांच्यासाठी संहिता येत त्या बहुधा पिनाच्याच प्रतिकृती असत. एका भूमिकेच्या यशाने कलावंताला कोंडून टाकणे, हा या व्यवसायाचा जुना रोग आहे.

१९६२ मध्ये पिएर पाओलो पासोलिनी यांनी त्यांना 'मम्मा रोमा' मध्ये घेतले. पासोलिनी स्वतः कवी आणि बोलींचे अभ्यासक होते. फ्रिउलीच्या बोलीत त्यांनी कविता लिहिली होती आणि रोमच्या वस्त्यांतील मुलांच्या भाषेत कादंबऱ्या. या चित्रपटातील नायिका वेश्याव्यवसाय सोडून भाजी विकते आणि मुलाला घेऊन बऱ्या वस्तीत राहायला येते. त्याने मध्यमवर्गीय व्हावे, अशी तिची धडपड असते. मुलगा मात्र चोरीच्या आरोपाखाली तुरुंगात जातो आणि तेथे मरतो. चित्रपटाच्या आरंभी लग्नाच्या जेवणावळीत ती स्तोर्नेल्लो गाऊन सवाल-जवाब करते. तरुणपणी मनोरंजनगृहांत कमावलेली कला तीस वर्षांनंतर पुन्हा उपयोगी पडलेली येथे दिसते.

चित्रीकरणात दिग्दर्शक आणि अभिनेत्री यांचे जमले नाही. पासोलिनी तुकड्यातुकड्यांनी लहान दृश्ये घेत; मान्यानी यांना भावनेचा चढ सलग उभा करण्याची सवय होती. त्यांना या भूमिकेसाठी निवडणे पूर्णतः साधले नाही, असे पासोलिनी यांचे नंतरचे मत होते. ज्या अभिनेत्रीला सारे जग रस्त्यावरची खरी बाई समजत होते, ती एका बोली-अभ्यासकाला मात्र घडवलेली कलावती वाटली. आख्यायिकेला छेद देणारा यापेक्षा मोठा पुरावा शोधण्याची गरज नाही. मान्यानी खरोखरच घडवलेल्या कलावती होत्या. पडद्यावरचा सहजपणा हे त्यांच्या घडणीचे फळ होते.

यानंतर चित्रपट कमी झाले आणि त्या रंगमंचाकडे वळल्या. १९६५ मध्ये फ्रांको झेफिरेल्ली यांच्या दिग्दर्शनाखाली जोव्हान्नी व्हेर्गा यांचे 'ला लूपा' आणि पुढच्या वर्षी 'मेदेआ' ही नाटके त्यांनी केली. १९७१ मध्ये दूरचित्रवाणीसाठी आल्फ्रेदो जान्नेत्ती यांच्या चित्रपटांत काम केले. १९७२ मध्ये फेलिनी यांच्या 'रोमा' या चित्रपटात त्यांचे शेवटचे दर्शन घडते. रात्री घरी परतणाऱ्या मान्यानी यांना दिग्दर्शक शहराचे प्रतीक म्हणू पाहतात. त्या ते हसून उडवून लावतात आणि दार लावून घेतात.

पुढच्या वर्षी कर्करोगाने त्यांचे निधन झाले. अखेरच्या दिवसांत रोसेलिनी त्यांच्याजवळ होते. सांता मारिया सोप्रा मिनेर्व्हा या चर्चमधील अंत्यविधीला रोमकरांची प्रचंड गर्दी लोटली आणि शवपेटी बाहेर आली तेव्हा लोकांनी टाळ्या वाजवून निरोप दिला.

९. भारताशी आलेला संबंध

जानेवारी १९५२ मध्ये मुंबईत भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला आणि नंतर तो इतर महानगरांत गेला. दे सिका यांच्या 'सायकल चोर' या चित्रपटाबरोबर 'रोमा, चित्ता आपेर्ता' हाही तेथे दाखवला गेला. स्टुडिओबाहेरचे जग आणि साध्या माणसांचे बोलणे पडद्यावर येऊ शकते, हे आपल्या चित्रकर्त्यांनी तेव्हा पाहिले. पुढच्याच वर्षी बिमल रॉय यांचा 'दो बिघा जमीन' आला. त्यामागील इटालियन प्रेरणा सर्वमान्य आहे.

१०. सारांश

मान्यानी यांच्या चरित्रातून तीन गोष्टी ध्यानात येतात. एक, बोली कमी प्रतीची ठरते ती तिच्या अंगच्या दोषामुळे नव्हे, तर तिला मिळणाऱ्या जागेमुळे. गंभीर प्रसंगी तिला जागा मिळाली की तिची ताकद दिसते. दोन, कलावंताचा सहजपणा शिक्षण आणि सराव यांतून येतो. तीन, चरित्रकाराने आख्यायिका टाळू नयेत; त्या कशा निर्माण झाल्या हे तपासावे. तुमच्यापैकी अनेक जण घरी एक मराठी आणि कामाच्या ठिकाणी दुसरी मराठी बोलत असाल. त्यांतील एकही सोडून देण्याचे कारण नाही. दोन्हींवर अधिकार मिळवणे हाच या अभ्यासक्रमाचा हेतू आहे.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न

१. फॅसिस्ट काळातील भाषाधोरणाचा इटालियन चित्रपटावर कोणता परिणाम झाला?
२. पिना आणि मादालेना या व्यक्तिरेखांची भाषेच्या अंगाने तुलना करा.
३. मान्यानी अभिनय करीतच नव्हत्या, या समजुतीचे चरित्रातील तपशिलांच्या आधारे परीक्षण करा.
४. तुमच्या परिसरातील बोली एखाद्या मराठी चित्रपटात किंवा नाटकात ऐकली असल्यास, ती विनोदासाठी वापरली होती की गंभीर आशयासाठी, ते सुमारे १५० शब्दांत लिहा.